खिडकी क्रमांक चारमधला ओळखीचा इसम

विषय : खिडकी क्रमांक चारमागचा इसम ओळखीचा वाटत असल्याबाबत. संदर्भ : आमच्या हिचा मोतीबिंदू.

तुम्हाला सांगतो, ज्या ऑफिसात एकतीस वर्षं कारकुनी केली त्याच ऑफिसात बायकोच्या ऑपरेशनच्या मंजुरीसाठी रांगेत उभं राहायचं, आणि समोर कोण, तर कानावर पेन खोचलेला एक भोपळा! सहा खेपा घातल्या, सहाही वेळा फक्त टाळूचं दर्शन. तरी प्रत्येक वेळी वाटायचं, याला कुठंतरी पाहिलंय! नात्यात? नाही. शेजारात? असली माणसं आम्ही शेजारात ठेवत नाही... मग कुठं?

इकडे ऑपरेशनची तारीख गुरुवारची. ती चुकली की पुढची चार महिन्यांनी. आणि हिची नजर अशी, की परवा दारात आलेल्या पोस्टमनला म्हणाली, “आधी ती विजार बदला.” शेवटी मंगळवारी हिलाच घेऊन गेलो. म्हटलं, पेशंट बघून तरी दगडाला पाझर फुटेल. कसला फुटतोय! त्यानं चष्मा कपाळावर ढकलला, अर्ज मागून-पुढून पाहिला आणि नाकातून म्हणाला, “बघू. साहेब जागेवर नाहीत.” साहेब त्याच्या पाठीमागे कान कोरत होते. पण तो चष्मा, ते नाक... याला कुठंतरी पाहिलंय!

तेवढ्यात ही माझा हात सोडून खिडकीशी वाकली आणि त्यालाच म्हणाली, “अहो, तुम्ही आत कधी गेलात?”

रांग हसली. मी नाही हसलो. कारण त्या प्राण्यानं अर्जाचा उजवा कोपरा दुमडला होता. दुमडलेला कोपरा म्हणजे तीन महिने कागदाला हात लावायचा नाही. कुठल्या नियमात आहे हे? कुठल्याच नाही. ही युक्ती माझी!

“हे कुणी शिकवलं तुम्हाला?”

त्यानं प्रथमच मान वर केली. “तुम्हीच. वडिलांच्या दाखल्यासाठी दोन वर्षं उभा होतो, आत्ता तुम्ही आहात तिथंच. बघून बघून आलं.”

“मिळाला ना पण दाखला?”

“मिळाला. वडील गेल्यावर.”

मी त्याला पाहिलं होतं म्हणता? छे हो! दोन वर्षांत एकदाही मान वर केली नव्हती मी. मी रोज पाहत होतो तो दाढी करतानाच्या आरशात.

गुरुवार येऊन गेला. ही मला आता आवाजावरूनच ओळखते, म्हणून हल्ली मी घरात बेतानंच बोलतो.

अर्ज खिडकी क्रमांक चारमध्ये आहे. कोपरा दुमडलेला. निर्णय प्रलंबित.