‘सेट’चे सत्तेचाळीस अर्थ

नाही नाही काका, उठू नका, बसा — मी इथं दवाखान्याच्या कठड्यावर टेकतो. ही वही तेवढी घ्या. आणि आधीच सांगतो, शुद्धलेखनाकडे बघू नका. निळ्या शाईतलं आहे ते तुमच्या ज्योतीरामचं, ते वाचा, मोत्यासारखं आहे. पेन्सिलीतलं माझं. ऱ्हस्व-दीर्घाची नुसती बोंब. मी नववीत शाळा सोडली, शब्दही माझे साधेच, सजवून बोलता येत नाही. आणि तुम्ही तर शाळेतले — म्हणजे शिपाई होतात, माहीत आहे, पण ज्योतीराम सांगायचा, फळ्यावरचा रोजचा सुविचार आमचे अण्णाच लिहायचे, गुरुजींचं अक्षर त्यांच्यापुढं काहीच नाही. म्हणून जरा धाकधूक होते. मी जयसिंग. त्याच्याच कंपनीतला, चाकणच्या. नाव ऐकलंय? — ऐकलंय. काय सांगितलं त्यानं माझ्याबद्दल? नको, राहू द्या. तो जागा असेल तर मला आत जायचं नाही. झोपला असेल तरी नको. वही द्यायची आणि निघायचं, एवढंच ठरवून आलोय.

वहीत काय आहे म्हणता — एकच शब्द आहे, काका. अख्ख्या वहीत एकच इंग्रजी शब्द. सेट. आता तुम्हाला वाटेल, पोरांना काही कामधंदा नाही. झालं असं, मी सेटर आहे. म्हणजे पत्रा दाबायच्या प्रेसमध्ये साचा बसवायचा, पाच-सहा तुकडे मारून बघायचे, बरोबर आले की मशीन ऑपरेटरच्या ताब्यात द्यायचं. ज्योतीराम ऑपरेटर. डीएड झालेला माणूस, भरतीची वाट बघत आमच्यात येऊन पत्रा दाबत बसला. पहिल्याच आठवड्यात चहाच्या सुट्टीत मला म्हणाला, भावा, तुझ्या बिल्ल्यावर काय लिहिलंय त्याचा अर्थ माहितीय का? म्हटलं, साचा बसवणारा. म्हणाला, हा एक झाला, बाकीचे? बाकीचे कुठले, म्हटलं! दुसऱ्या दिवशी त्यानं रद्दीतून घेतलेला शब्दकोश आणला — हा एवढा जाड, मागचा पुठ्ठा गेलेला — आणि त्यात या एका शब्दाला कितीतरी पानं. मग आमचं ठरलं, रोज चहाला एक अर्थ. मी लिहायचा, त्यानं दुरुस्त करायचा, नाहीतर उलटं. दही लागतं तेही सेट, सूर्य बुडतो तेही सेट. मोडलेलं हाड बसवतात ते, लग्नाची तारीख धरतात ते, उंदराला पिंजरा लावतात ते, परीक्षेचा पेपर काढतात ते. मी म्हटलं, एकच शब्द एवढ्या ठिकाणी राबतो, याला ओव्हरटाइम तरी मिळतो का? तो म्हणाला, कसला ओव्हरटाइम, कंत्राटी असणार! हसून हसून माझा चहा सांडला — ते बघा, नवव्या पानावर डाग आहे.

आणि नुसते अर्थ नाही, कूळमूळ सांगायचा. आपण बसणे वरून बसवणे केलं, तसं त्यांनी सिट वरून सेट केलं. स्वतः बसायचं ते सिट, दुसऱ्याला बसवायचं ते सेट. आणि तो जो बसण्याचा धातू आहे तो आपल्या ‘सदन’मधल्या धातूचा लांबचा भाऊ, म्हणे. मला खरंच वाटेना. पण कपबशांचा सेट म्हणतो ना आपण, तो मात्र या घरातला नाही. तो लॅटिनमधून आला, कुणाच्या तरी मागोमाग चालणाऱ्या माणसांचा शब्द. फिरत फिरत दोघांचं तोंड एकसारखं झालं आणि लोक त्यांना सख्खे भाऊ समजायला लागले. हे सांगितलं आणि म्हणाला, बघ, तू पाटणचा, मी परभणीचा, आणि गेटवरचा वॉचमन आपल्याला भाऊ समजतो. तसंच हे. — हो, समजतोच तो. अजून समजतो.

चहा घेणार का? नको. बरं.

तो कागद — खिशात दिसतोय तो — आमच्या सुपरवायझरनं, दिग्विजय साहेबांनी दिला ना? चारला येणार आहेत सही घ्यायला. मला माहीत आहे काय लिहिलंय. मशीन व्यवस्थित होतं, तपासणीत दोन्ही बटणं व्यवस्थित आढळली, कामगारानं स्वतःच्या हयगयीनं हात आत घातला. आणि उजवं बटण गुडघ्यानं दाबलं, असंही लिहिलंय. गुडघ्यानं! काका, ते बटण इथं असतं, छातीच्या खाली. त्याला काय कवायत करायची होती का? हे वाचून आमच्या खात्यातला एक जण हसला. सही करू नका. का म्हणजे — अहो, एकदा हयगय म्हणून बापाचीच सही झाली की त्याला उद्या कुठं उभं करणार? आमच्या गेटवर नाही, दुसऱ्या कंपनीच्या नाही. आणि तो आत पडल्या पडल्या समजेल की अण्णांनाही तसंच वाटतं. मला म्हणायचा, अण्णांना मी एकदाच खोटं बोललोय, ऑफिसात काम करतो म्हणून. ते तुम्हाला माहीत नव्हतं? — मी कशाला बोललो हे.

काय म्हणालात? मग हात आत कसा गेला?

बरोबर आहे तुमचं. बरोबर विचारलंत. साहेबांना नाही विचारलंत ना हे? विचारायला हवं होतं. कारण त्या प्रेसला दोन बटणं, एक डावीकडं, एक उजवीकडं, लांब लांब. दोन्ही हातांनी दोन्ही एकदम दाबली तरच ती खाली येते. मुद्दाम तशी केलीय, म्हणजे हात बटणावर असले की साच्यात असू शकत नाहीत. साधी गोष्ट. पण सेटिंग करताना — आता हे आमच्याकडं सगळेच सेटर करतात, मीच नाही — तुकडा धरायला एक हात मोकळा लागतो. मग उजव्या बटणावर लाकडाची पाचर ठेवायची, वरून काळी टेप मारायची, बटण दाबलेलंच राहतं. मग डाव्या हातानं चालवता येते. काम झालं की टेप काढायची आणि मगच मशीन द्यायचं.

त्या मंगळवारी मी विसरलो. घाई होती, दुसऱ्या लाइनवर बोलावलं, आणि राहून गेली.

नाही, काका. असं मान हलवू नका. होतं कधी कधी असं म्हणू नका मला. विसरलो नाही. पेन्सिलीतलं शेवटचं पान बघा, तिथं मी विसरलो असं लिहिलं नाही, नीट लिहिलंय, खाली नाव घातलंय. मी ठेवली. ज्योतीरामचा आकडा कमी यायचा. तासाला तीनशे साठ तुकडे मागायचे, त्याचे तीनशेच्या वर जात नव्हते — दोन्ही हातांनी प्रत्येक वेळी नेमानं बटणं दाबणार, शाळेत प्रार्थनेला उभं राहिल्यासारखा. दिग्विजय साहेब त्याला मास्तर म्हणायचे. ए मास्तर, इथं हजेरी नाही घ्यायची, माल काढायचाय! सगळ्यांसमोर. महिनाअखेर काढून टाकतील अशी बोलवा होती. मला वाटलं, एक हात मोकळा झाला तर वाढेल आकडा. त्याच्या भल्याचंच — नाही, तेही पूर्ण खरं नाही. तो गेला असता तर चहाला मी कुणाबरोबर बसलो असतो? मला दुसरं कुणी नाही तिथं. मला चारचौघांत बोलता येत नाही. आज एवढं बोलतोय ते कसं काय, देव जाणे.

आणि त्यानं सांगितलं होतं. हे ऐका, आणि मग काय म्हणायचं ते म्हणा. त्यानं टेप बघितली, म्हणाला, जयसिंग, हे काढ रे. मी हसलो. म्हटलं, असू दे गुरुजी, सगळे असंच चालवतात, आता कर की तीनशे साठ. त्यानं माझ्याकडं बघितलं आणि मुकाट्यानं चालवायला लागला. माझ्यावर विश्वास टाकला म्हणून. सव्वाअकराला मी दुसऱ्या लाइनवर होतो. आवाज नाही ऐकू आला मला. सगळ्या प्रेस एकदम बंद झाल्या, ते ऐकू आलं.

दोन बोटं. उजव्या हाताची. हे निळ्या शाईतलं ज्या हाताचं आहे, त्याच हाताची.

शेवटचा निळा अर्थ सोमवारचा आहे, सत्तेचाळिसावा — सेट डाउन, म्हणजे लिहून ठेवणे. त्यापुढं कोरं पान होतं. चार दिवस मी ते पान उघडून बसायचो. आज लिहिलं. साहेब आले की त्यांना ते दाखवा, मी इथंच थांबतो. हाकललंत तरी त्या फाटकापाशी थांबतो. साहेब विचारतील तेव्हा त्यांच्यासमोरही सांगेन, अडखळत सांगेन पण सांगेन. नोकरी जाईल — जाऊ दे.

पेन खिशात ठेवलंत. बरं. बरं झालं.

आणि ही — ही पाचर. माझ्या खिशातच आहे. घ्या. एवढीशी आहे बघा.

काय?

टेप मशीनवर होती, तर तपासणीत दिसली कशी नाही? — ते वहीत नाही, काका. तेवढं लिहिता आलं नाही. पहिली पाळी सातला सुरू होते, तपासणी त्यानंतर व्हायची होती. बुधवारी सकाळी मी सहालाच गेलो. गेटवर वॉचमन म्हणाला, भावाचं कसं आहे रे? म्हटलं, बरा आहे. आत गेलो. टेप सोलली, पाचर काढली, बटणावरचा चिकटा चिंधीनं पुसला, पुन्हा पुसला. आणि मग दोन्ही हातांनी दोन्ही बटणं दाबून बघितली. प्रेस खाली आली, वर गेली. अगदी बरोबर चालत होती.