इस्त्री बंद, निंग्रुम चालू

...म्हणजे मी लोकांच्या कपड्यांना इस्त्री करून घर चालवायचं, आमच्या निंग्रुमनं दुपारभर मोबाईलवर लढाया खेळायच्या, आणि वर मलाच सांगायचं, "आई, आज इस्त्री लावू नकोस, फायनल आहे, लाईट गेली तर वायफाय जाईल." अगं, परीक्षेच्या दिवशी कधी एवढी काळजी केलीस? पण आईचं ऐकतंय कोण?

तुम्हाला सांगते, इंडोनेशियात, सुराबायातली आमची भाड्याच्या खोल्यांची ओळ, बिऱ्हाडं पाच आणि मीटर एक. एकाचा पाण्याचा पंप, दुसऱ्याचा विजेचा कुकर, त्यात माझी इस्त्री... की अंधार.

तर पाच पोरी आमच्या चटईवर, समोर तळलेलं टेम्पे, म्हणजे सोयाबीनच्या वड्या, आणि मोबाईलमध्ये पलीकडून मलांग शहरातली पोरं. मी म्हटलं, गिऱ्हाईक काय फायनल बघून थांबणार आहे? इस्त्री लावणारच होते, तेवढ्यात मोबाईलमधून एक पोरगा बोलला, "ताई, खेळ राहू द्या, स्वयंपाकघरात जा, भात करपेल."

निंग्रुमचा अंगठा थांबला. मान खाली.

आता खरं सांगू? हेच वाक्य मी तिला रोज ऐकवते. पण मी आई आहे. तू कोण रे, मलांगचा?

इस्त्री ठेवली आणि धावले. पहिलं दार पाक वागीमिनचं, म्हणजे वागीमिन काकांचं. "पंप बंद करा."

"वहिनी, अंगाला साबण लावलाय..."

"असू दे, वाळेल."

शेजारी बू तुमिनी, म्हणजे तुमिनी काकू. "कुकरची पिन काढ."

"पोरांना भूक लागलीय हो."

"माझ्याकडे टेम्पे आहे, पाठव." आणि ऐकलं हो, सगळ्यांनी ऐकलं. जन्मात पहिल्यांदा.

परत येते तर आमच्या दोघी बाद, किल्ला पडायला आलेला. पण पोरीची मान वर. "मधल्या वाटेनं, माझ्या मागे या," एवढंच म्हणाली, आणि उरलेल्या तिघी अशा काही सुटल्या... मलांगचा किल्ला भुईसपाट. खिडकीत टॉवेल गुंडाळलेले, फेसाळलेले पाक वागीमिन ओरडतायत, "जिंकलो!"

मोबाईलमधून बारीक आवाज, "ताई... भारी खेळलात."

निंग्रुम म्हणते, "भात झालाय. ये जेवायला."

तेव्हापासून ओळीतल्या झाडून सगळ्या पोरी रोज दुपारी आमच्या चटईवर. निंग्रुम शिकवते. आणि मी? मी कोळशाची इस्त्री आणलीय... मागच्या दारी फुंकत बसते.