येशीवरचा फ्लेक्स

नाशिकच्या कोर्टाबाहेर नोटरीच्या रांगेत चांदवडकडचं एक जोडपं माझ्यापुढे उभं होतं. नवऱ्याच्या हातात प्रतिज्ञापत्र होतं.

"आपला दावा गेला म्हंजी नेमकं काय झालं हो?"

"दावा रंगनाथआबांवर होता. ते वारल्यावर त्यांच्या पोरांची नावं नव्वद दिवसांत लावायची असतात. आपण लावली नाय, दावा संपला."

"मग मळ्याचा रस्ता?"

"पोरं उद्या त्यावर नांगर फिरवतील. म्हणून तर हे लिहून द्यायचं. वकीलसाहेब म्हणले, उशीर माफ होईल."

"काय लिहिलंय त्यात?"

"आबा वारल्याचं आपल्याला माहीतच नव्हतं."

"अहो, खांदा दिला तुम्ही!"

"हळू बोल. शेजारी गेल्यावर द्यायचा नाय का?"

"दहाव्याला रामकुंडावर माईक धरून रडलात."

"त्याचा कागद हाय का कुणाकडं?"

"गावच्या येशीवर फ्लेक्स हाय ना! आबांच्या फोटोखाली शोकाकुल म्हणून पहिलं नाव तुमचंच हाय."

"अजून काढला नाय तो?"

"कोण काढणार? तुम्हीच तर घट्ट बांधलाय."

"चला, पुढचे कोण?" नोटरीनं विचारलं.

तो बाजूला सरकला आणि मला म्हणाला, "साहेब, तुम्ही व्हा पुढं."