फुलाखालची झालर

अमेरिकेतल्या स्टेट कॉलेज या गावी, विद्यापीठाच्या कॅम्पस बसमध्ये माझ्या पुढच्या सीटवर वनस्पतिशास्त्राची एक विद्यार्थिनी आणि पुण्याहून आलेली तिची मावशी बसल्या होत्या.

“इला, उद्या खरंच मशीन फिरवून ओढ्याकाठची ती सगळी झाडं कापणार?”

“नाही मावशी, कॅन्सल केलं. आत्ताच मेल आला.”

“परवा तर विद्यापीठवाले तुझं ऐकतसुद्धा नव्हते!”

“कसे ऐकणार? मीच फोटो बघून रिपोर्टमध्ये लिहिलं होतं, बागेतून पसरलेली उपरी जास्वंद आहे, काढून टाका म्हणून. नंतर तू फूल हातात घेऊन विचारलंस, हिची झालर कुठाय?”

“मग! चाळीस वर्षं पूजेला जास्वंद खुडतेय मी. फुलाखाली हिरवी वाटी असते आणि वाटीखाली बारीक पानांची झालर. ह्याला नुसतीच वाटी.”

“प्रोफेसरांनी भिंगाखाली बघितलं आणि नाव बदललं. भेंडी-कापसाच्याच कुळातलं आहे, पण जास्वंद नाही. मूळ इथलंच, पण या राज्यात आता फार थोड्या ठिकाणी उरलंय ते.”

“ओढ्याकाठी किती झाडं आहेत?”

“एकशे बारा. आता कुंपण घालणार, बी गोळा करून जपणार.”

“बी मी काढीन. तुम्ही मुलं ओरबाडाल.”

“अगं, बी सप्टेंबरात पिकतं. तुझं परतीचं तिकीट ऑगस्टचं आहे.”

“अरुणला फोन लाव.”

“आत्ता? बसमधून?”

“लाव. त्याला म्हणावं, तिकीट बदल, आईला इथे काम लागलंय.”