खरं घर म्हणून नाकारलेला सेट

सन्माननीय अध्यक्ष, म्हणजेच आमचे निर्मातेसाहेब, व्यासपीठावरील मान्यवर, ज्यांना निरोप द्यायला आपण जमलो त्या आमच्या ताई, पहिल्या रांगेत बसलेल्या त्यांच्या सासूबाई आणि समोरच्या सगळ्या मंडळींनो, नमस्कार. मी सेटवरचा सुतार. हाताला रंध्याची सवय, माइकची नाही, तेवढं सांभाळून घ्या.

आतापर्यंतच्या चारही वक्त्यांनी सांगितलं की ताई सगळ्यांना वेळेवर जेवू घालायच्या, गाड्या वेळेवर पाठवायच्या. खरं आहे. पण तीस वर्षं ताईंनी नुसते डबेच वाटले का हो? निर्मितीची व्यवस्था त्यांनी पाहिलीच, आणि सेटही त्यांनीच रचले. त्याबद्दल कोणी अवाक्षर काढलं नाही, याचा मला राग आला आहे. तो मी लपवणार नाही.

साहेबांचा ज्या चित्रपटामुळे एवढा गाजावाजा झाला, त्यातलं घर आठवतं ना? ते घर नव्हतंच. रिकाम्या गोदामात ताईंच्या नकाशावरून मी प्लायवूडच्या भिंती ठोकल्या. भिंतीला ओल आलेली दिसावी म्हणून त्यांनी चहाच्या पाण्याचे सात हात दिले. स्वयंपाकघराचं दार मी अगदी सफाईने बसवलं, तर म्हणाल्या, "दादा, परत काढा. खालून अडलं पाहिजे. नांदत्या घरात एखादं दार अडतंच." जन्मात मुद्दाम बिघडवलेलं माझं ते एकच काम.

साहेबांनी मात्र जाहीर केलं, की चित्रण खऱ्या घरात झालंय. पडद्यावर सेट रचणारीचं नाव आलं तर बिंग फुटेल, म्हणून ताई उरल्या फक्त 'निर्मिती व्यवस्था'. ताईंनी उत्तम सेटच्या पुरस्कारासाठी स्वतः अर्ज धाडला. समितीचं उत्तर आलं, चित्रपटात सेटच नाही, त्यामुळे विचार करता येत नाही. आता हसावं की रडावं? काम इतकं चोख, की ते केलंच नाही असं ठरलं. ताई बांधकामाचे फोटो घेऊन साहेबांकडे गेल्या. साहेब म्हणाले, "ताई, लोकांना खरं वाटतंय, यातच तुमचं यश आलं." मी शेजारी मिठाची गुळणी धरून उभा होतो. पुढचं काम जाईल, ही भीती. ते पाप माझंही आहे.

सासूबाईंनी तो चित्रपट पाहिला आणि घरी येऊन सुनेला म्हणाल्या, "त्या घरातल्या बाईकडून शिक काहीतरी. काय नीटनेटकं मांडलंय." ताई नुसत्या "हो" म्हणाल्या. आजी, ती बाई हीच हो.

पुढच्या महिन्यात तोच चित्रपट पुन्हा लागतोय. नावांची यादी नव्याने तयार होतेय. परवा मी ती पाहिली, आणि ताई तिथेही फक्त व्यवस्थाच. साहेब, तुम्ही मानपत्र दिलंत, ते त्यांच्या बैठकीच्या खोलीत लागेल. नाव पडद्यावर लागायला हवं. ताई मला खुणेने बसायला सांगतायत. ताई, आज नाही बसणार.

आयोजकांनी बोलू दिलं, तुम्ही शांतपणे ऐकलंत, त्याबद्दल मनापासून आभार. बोलण्यात काही उणं-अधिक झालं असेल, तर मोठ्या मनाने पोटात घाला. फक्त यादीतून गाळलेली ती ओळ माझ्या माफीत धरू नका. तिची माफी साहेबांनी मागायची आहे. माइक मी त्यांच्या हातात देतो.