रिकाम्या नाट्यगृहाचा आवाज

दवाखान्यात नंबर लावून बसलेल्या मास्तरीणबाईंनी पुस्तक उघडलं होतं खरं, पण कान मागच्या बाकाकडे लागले होते. तिथे जुन्या नाट्यगृहाचा रखवालदार बायकोशी बोलत होता.

“पाडायच्या आधी अख्ख्या नाट्यगृहाची फिल्म काढताहेत. काल एक मिनिट शांतता होती.”

“अगं बाई! कोण गेलं?”

“कोणी नाही गं. रिकाम्या नाट्यगृहाची शांतता रेकॉर्ड केली. रिकाम्या जागेलाही आपला आवाज असतो म्हणे.”

“आणि तुम्ही गप्प बसलात?”

“खोकला आला. तीनदा.”

“झालं! बोलणी खाल्ली असतील.”

“मीच म्हटलं, बाहेर थांबतो. तर ती माइकवाली पोरगी म्हणते, काका, इथेच थांबा. तीस वर्षं खोकताय, म्हणजे तो इथलाच आवाज झाला.”

“म्हणजे नाट्यगृह गेलं तरी तुमचा खोकला राहणार?”

“कायमचा.”

“मग आता डॉक्टर देतील ते औषध मुकाट्याने घ्यायचं. महिनाभर बाटली तशीच भरलेली दिसायला नको. खोकला राहू दे त्यांच्याकडे. मला तुम्ही हवे आहात.”