कपाळावरचं मीठ

कीर्तन ऐकून परतताना, भर उन्हात सेलूच्या स्टेशनावर, माझ्या पाठीमागं तानुबाई तान्ह्या नातीला घेऊन धाकट्या जावेशी बोलत होती.

“तीन दिस झाले, पोरगी दूध घेईना. दारात एक म्हातारी आल्ती. ‘लय लावण्य हाय,’ म्हणली.”

“आता समदे खूबसूरत म्हणतेत, अक्का. ‘लावण्य’ ह्यो शब्द कीर्तनातच ऱ्हायला.”

“बुवांनी सांगितलं की, लवण म्हंजी मीठ, त्यातनं लावण्य.”

“आपल्या सासूबाई बी असंच म्हणायच्या, ‘लय लावण्य हाय.’”

“त्यांना जाऊन वरीस झालं, नर्मदा.”

“मंग म्हातारीनं काय केलं?”

“कपाळाचा मुका घेतला.”

“दृष्टच ती! कपाळ चाटून बघा, दृष्ट लागली असली तर खारट लागंल.”

“थांब, चाटून बघते.”

“कसं लागतंय, अक्का?”

“घामानं चिंब हाय गं पोर. पन म्हातारीनं मुका घेतला तितं कपाळ अळणी लागायलंय.”